दुष्काळातला हंगाम : धाराशिवच्या खो-खोचे २०१५-१६

जिल्हा संघटनेच्या स्मरणिकेच्या बैठकीत लेखांची वाटणी चालली होती, तेव्हा एका सदस्यांनी सुचवले, ‘महाविद्यालयाच्या फुटबॉल संघाचा एखादा गाजलेला हंगाम घ्या, रंगतदार होईल.’ सूचना चांगलीच होती. अडचण एवढीच, की आपल्या जिल्ह्यात फुटबॉलचा गाजलेला हंगाम आणायचा कुठून? नाही म्हणायला १५ सप्टेंबर २०१७ हा दिवस आठवतो. सतरा वर्षांखालच्या मुलांचा विश्वचषक भारतात व्हायचा होता, त्याचे सामने नवी मुंबईतही होणार होते, म्हणून राज्य सरकारने ‘मिशन वन मिलियन’ नावाने एका दिवसात दहा लाख मुलांना फुटबॉल खेळायला उतरवले. शाळाशाळांना चेंडू मिळाले. आपल्याकडची पोरेही त्या दिवशी मनसोक्त लाथा मारून आली. पुढे त्या चेंडूंचे काय झाले, ते ज्या त्या शाळेच्या क्रीडासाहित्याच्या खोलीला विचारावे.

फुटबॉलशी आपले वैर नाही. हिशेब जागेचा आहे. फुटबॉलचे पुरे मैदान १०५ मीटर लांब आणि ६८ मीटर रुंद. खो-खोचे २७ बाय १६. क्षेत्रफळ काढून पाहिले तर एका फुटबॉल मैदानाच्या जागेत खो-खोची सोळा मैदाने बसतात. बालाघाटाच्या माथ्यावर, जिथे सपाट आणि बिनदगडाची जागा मिळाली की तिच्यावर आधी ज्वारी पेरली जाते, तिथे शाळेच्या वाट्याला येते ती इमारतीमागची, दोन लिंबांच्या मधली पट्टी. त्या पट्टीत फुटबॉलचा गोलखांबही मावत नाही, खो-खो मात्र आख्खा मावतो. दोन लाकडी खांब, फक्कीचे एक पोते आणि एक शिट्टी. चेंडू नको, बॅट नको, जाळे नको. बूट असले तर उत्तम, नसले तरी अडत नाही.

म्हणून हा लेख खो-खोचा आहे आणि हंगाम २०१५-१६ चा आहे. संघटनेचा इतिहास म्हटल्यावर वाचकाला पदाधिकाऱ्यांची नावे आणि सत्काराचे फोटो अपेक्षित असतात. ते सारे या अंकात इतरत्र आहे. मी हयातभर मैदानावर उभा राहिलो, फक्की मारत आणि शिट्टी फुंकत. तिथून दिसले तेवढेच लिहितो.

आधी थोडे मागचे. खो-खोचे नियम पहिल्यांदा कागदावर बांधले ते पुण्याच्या डेक्कन जिमखान्याने, १९१४ साली. पुढे बडोद्याच्या हिंदविजय जिमखान्याने आणि अखिल महाराष्ट्र शारीरिक शिक्षण मंडळाने त्यांना हात लावला, सुधारले. १९३६ च्या बर्लिन ऑलिंपिकच्या वेळी अमरावतीच्या हनुमान व्यायाम प्रसारक मंडळाचे पथक देशी खेळांची प्रात्यक्षिके करायला जर्मनीला गेले होते. या काळात आपला जिल्हा निजामाच्या राज्यात होता. १७ सप्टेंबर १९४८ ला आपण मोकळे झालो, १९५६ ला द्विभाषिक मुंबई राज्यात आलो, १९५८ ला औरंगाबादला विद्यापीठ झाले. तोवर पुण्या-मुंबईत आणि बडोद्यात पंचांच्या दोन पिढ्या तयार होऊन गेल्या होत्या. पहिली राष्ट्रीय स्पर्धा १९५९-६० मध्ये विजयवाड्याला झाली, महिलांची त्याच्या पुढच्या वर्षी कोल्हापूरला. १९७० साली खो-खोला पहिला अर्जुन पुरस्कार मिळाला तो बडोद्याच्या सुधीर परब यांना. त्यानंतर अचला देवरे, श्रीरंग इनामदार, उषा नगरकर, हेमंत टाकळकर, वीणा परब अशी नावे येत गेली. ही यादी क्रीडा शिक्षकांच्या प्रशिक्षणात आम्ही तोंडपाठ केली होती. तिच्यात मराठवाडा नव्हता, आणि खरे सांगायचे तर तेव्हा त्याचे वाईटही वाटले नव्हते. तो आपल्या पंक्तीतला मान नाही असेच धरून चाललो होतो.

आपल्याकडे खो-खो शाळेतून आला आणि बराच काळ शाळेतच राहिला. जूनमध्ये शाळा भरल्या की पोरे मैदानात, पावसाळ्यात तालुका स्पर्धा, गणपती-दसऱ्याच्या आसपास जिल्हा, दिवाळीच्या अलीकडे-पलीकडे विभाग आणि राज्य. संघटनेच्या स्पर्धा वेगळ्या : किशोर-किशोरी, कुमार-मुली आणि पुरुष-महिला. महाविद्यालयात गेलेल्या मुलामुलींना तिसरा रस्ता असतो, आंतरमहाविद्यालयीन स्पर्धेतून विद्यापीठाच्या संघात आणि तिथून ‘अश्वमेध’ या राज्यातल्या विद्यापीठांच्या स्पर्धेला किंवा आंतरविद्यापीठ स्पर्धेला. एकाच मुलीच्या वहीत एका हंगामात या तिन्ही रस्त्यांच्या तारखा असत आणि त्यातल्या दोन तरी हमखास एकमेकींवर आदळत. वेळापत्रके लावणाऱ्यांना ही गोष्ट अजून उमगलेली नाही.

जे हा खेळ फक्त शाळेत खेळले, त्यांच्यासाठी त्याची रचना थोडक्यात सांगतो, कारण पुढचे समजायला ती लागेल. संघात बारा, खेळतात नऊ. पाठलाग करणाऱ्या बाजूचे आठ जण मधल्या पाटीवरच्या आठ चौकोनांत एकाआड एक उलट दिशेला तोंड करून बसतात, नववा धावतो. समोरच्या संघाचे तिघे आत येतात. पळणारा वाटेल तिथून जाऊ शकतो, दोन बसलेल्यांच्या मधून, खांबाला वळसा घालून, कसाही. धावणाऱ्याला मात्र मधली पाटी ओलांडता येत नाही आणि एकदा दिशा घेतली की मागे फिरता येत नाही. त्याला दिशा बदलायची तर एक तर खांबापर्यंत जाऊन वळायचे, नाही तर बसलेल्याच्या पाठीला हात लावून ‘खो’ म्हणायचे. हात आणि आवाज एकदम हवेत. हात आधी, आवाज नंतर झाला की पंचाची शिट्टी. नऊ मिनिटांची एक पाळी, अशा चार. एकूण छत्तीस मिनिटांत सामना निकालात निघतो.

बघणारा पळणाऱ्याकडे बघतो. बसलेल्यांच्या मधून नागमोडी पळत साखळी कशी खेळली, हुलकावणी कशी दिली, सूर मारून गडी कसा टिपला याच्याच गोष्टी घरी जातात. शिकवणाऱ्याचे डोळे बसलेल्यांवर असतात. बसलेल्या खेळाडूला आपल्या पाठीमागे काय चालले आहे ते दिसत नाही. दोन हात जमिनीवर, एक पाय मागे ताणलेला, मान किंचित वळवलेली, आणि कुठल्याही क्षणी पाठीवर थाप पडेल या तयारीत तो कधीकधी पूर्ण पाळी तसाच बसून राहतो. थाप पडली की पहिल्या दोन पावलांत वेग यावा लागतो. हे ‘उठणे’ वर्ष-दोन वर्षे घोटून घ्यावे लागते, आणि ते बघायला एकही पालक मैदानावर येत नाही. उस्मानाबादचे, म्हणजे आजच्या धाराशिवचे, संघ राज्यात नावारूपाला आले ते या उठण्याच्या जोरावर, असे माझे मत आहे. इतरांची मते वेगळी असतील, त्यांनी त्यांच्या लेखात लिहावीत.

पुण्या-ठाण्याच्या, सांगली-साताऱ्याच्या मुलींच्या पंक्तीत उस्मानाबादच्या मुली बसू लागल्या, त्यात प्रशिक्षक डॉ. चंद्रजित जाधव यांचा वाटा सर्वांत मोठा आहे. पुढे राज्य संघटनेतही त्यांनी जबाबदाऱ्या सांभाळल्या, पण जिल्हा त्यांना ओळखतो तो मैदानावरचे सर म्हणून. मुलींचा खो-खो शिकवणे म्हणजे नुसते खो-खो शिकवणे नव्हे, हे हा पेशा केलेल्या कुणालाही सांगावे लागत नाही. अंधार पडायच्या आत पोरगी घरी पोचेल का, बाहेरगावच्या मुक्कामाला सोबत कोण आहे, हाफ पँट घालावीच लागते का, बारावीचे वर्ष आहे, लग्नाचे बघतोय, या सगळ्यांची उत्तरे आधी द्यायची आणि उरलेल्या वेळात पोल कसा मारायचा, म्हणजे खांबाशी गडी कसा टिपायचा, ते शिकवायचे. घरातल्या आजीला पटवले की निम्मे काम झाले, हा माझा अनुभव. आई घाबरते, बाप टाळतो, आजी मात्र सरळ हो किंवा नाही सांगते.

आता २०१५-१६. जून ते मे असा तो हंगाम धरा. २०१४ ला पाऊस तुटला होता, २०१५ ला पुन्हा तुटला. ऑगस्ट संपायच्या आत बीड, लातूर आणि उस्मानाबाद या तीन जिल्ह्यांत चारा छावण्या काढायला सरकारने परवानगी दिली. ऑगस्टमध्ये छावणी म्हणजे काय, हे ज्याने गुरे पाळली त्यालाच कळेल. एरवी ते दिवस हिरव्या चाऱ्याचे. मार्चमध्ये लातुरात पाण्याच्या टाक्यांभोवती जमावबंदी लावावी लागली. १२ एप्रिल २०१६ च्या पहाटे मिरजेहून पाण्याची पहिली रेल्वे लातूरला आली, दहा वाघिणी आणि पाच लाख लिटर पाणी. दुसऱ्याच दिवशी मुंबई उच्च न्यायालयाने ३० एप्रिलनंतरचे आयपीएलचे सामने महाराष्ट्राबाहेर हलवायला सांगितले. क्रिकेटच्या खेळपट्ट्यांना किती पाणी लागते यावर महिनाभर वर्तमानपत्रांत रकानेच्या रकाने छापून आले.

खो-खोच्या मैदानाला किती पाणी लागते, हे कुणी विचारले नाही. मी सांगतो. ४३२ चौरस मीटरची माती. चौरस मीटरला दोन-अडीच लिटर धरले तरी एका वेळेला हजार लिटर. त्यावर रोलर फिरला की माती बसते, पाय घट्ट टिकतो, सूर मारला तरी कातडे सोलत नाही. पाणी मारले नाही तर तीच माती आठ दिवसांत भुगा होते. खांबाजवळ वळताना पाय सरकतो, घोटा मुरगळतो, गुडघे-कोपरे फुटतात आणि धुळीने पंचालाही पाटी दिसेनाशी होते. ज्या वर्षी घरात पिण्याच्या घागरी मोजल्या जात होत्या, त्या वर्षी मैदानावर हजार लिटर पाणी ओता म्हणायची माझी तरी जीभ रेटली नाही. आम्ही कोरड्या मातीवरच सराव घेतला. सूर मारायचा सराव बंद, साखळीचा चालू. पहाटे दव असते तेवढ्या वेळात खांबाचे काम उरकायचे, ऊन वर आले की बसण्या-उठण्याचे. पोरींनी गुडघ्यांना जुन्या मोज्यांचे कापलेले तुकडे चढवले होते. त्या वर्षी फक्कीही जपून वापरली. मधली पाटी आणि आडव्या रेषा तेवढ्या मारायच्या, बाहेरची चौकट पायाने ओढायची.

दुष्काळाचा फटका मैदानाआधी ताटाला बसतो. खेळणारी मुले बहुतेक शेतमजुरांची, अल्पभूधारकांची, छोट्या कामांवर जगणाऱ्यांची. खुराक हा शब्द क्रीडा शिक्षकाच्या तोंडी नेहमी असतो. मूठभर शेंगदाणे, गुळाचा खडा, जमले तर एक केळे. आमचा खुराक तेवढाच. तोही सरावानंतर ओंजळीत घेऊन एखादी मुलगी न खाता ओढणीच्या टोकाला बांधते, घरी धाकटा भाऊ आहे म्हणून. हे दिसले की शिकवणाऱ्याने काय करायचे असते, ते कुठल्याही प्रशिक्षण शिबिरात शिकवत नाहीत.

याच हंगामात, फेब्रुवारी २०१६ मध्ये, बाराव्या दक्षिण आशियाई क्रीडा स्पर्धा गुवाहाटी आणि शिलाँगला झाल्या. आठ देश होते. खो-खोला या स्पर्धांत पहिल्यांदाच पदकाचा खेळ म्हणून जागा मिळाली होती. भारताच्या महिला संघाने सुवर्णपदक जिंकले आणि त्या संघाची कर्णधार होती आपल्या उस्मानाबादची सारिका सुधाकर काळे. पुरुषांनीही सुवर्ण जिंकले. त्या स्पर्धेत भारताने एकूण १८८ सुवर्णपदके मिळवली, त्यामुळे त्या ढिगाऱ्यात खो-खोची दोन कुणाच्या डोळ्यांत भरणार? देशाच्या वर्तमानपत्रांत ती बातमी शोधून वाचावी लागली. गावात मात्र ती शोधावी लागली नाही. त्याच वर्षी इंदूरला तिसरी आशियाई अजिंक्यपद स्पर्धा झाली, तीही भारताने जिंकली आणि स्पर्धेतली सर्वोत्कृष्ट खेळाडू म्हणून सारिकाची निवड झाली.

सारिकाची घरची हकिगत तिने स्वतः नंतर मुलाखतींतून सांगितली आहे, म्हणून इथे लिहायला हरकत नाही. तेराव्या वर्षी ती मैदानावर आली. वडिलांना शारीरिक मर्यादांमुळे फारसे कमावता येत नव्हते, आई शिवणकाम करायची, घर चालायचे ते आजी-आजोबांच्या कमाईवर. जवळपास दहा वर्षे तिने दिवसाला एका जेवणावर खो-खो खेळला. बरे, पोटभर खायला मिळायचे ते शिबिराला किंवा स्पर्धेला गेल्यावर. यातले शेवटचे वाक्य मी पहिल्यांदा वाचले तेव्हा कितीतरी मुलींचे चेहरे डोळ्यांसमोर आले. शिबिराची यादी लागली की काही मुली इतक्या का हरखतात, याचा अर्थ आम्ही देशासाठी खेळण्याची ओढ असा लावत होतो. ती ओढ होतीच. पण त्या यादीत दोन वेळच्या जेवणाचाही मजकूर होता, आणि तो आम्हाला वाचता आला नाही.

आणखी एक गोष्ट आहे, ती या हंगामाच्या इतिहासात मला पदकाइतकीच मोठी वाटते. याच २०१६ मध्ये सारिकाने खेळ सोडायचे ठरवले होते. घरच्या पैशांच्या विवंचनेने ती खचून गेली होती. जाधव सरांनी तिची समजूत घातली, ती पुन्हा मैदानावर आली, आणि तिथून तिचा खेळ वळला, असे सरांनीच पुढे सांगितले. विचार करा. एकाच वर्षात देशाच्या संघाचे नेतृत्व, गळ्यात सुवर्णपदक, आशियातली सर्वोत्कृष्ट खेळाडू म्हणून गौरव. आणि त्याच वर्षी, आता बास, परवडत नाही हा निर्णय. फुटबॉलमध्ये किंवा क्रिकेटमध्ये असे झाले असते तर त्यावर चित्रपट निघाला असता. खो-खोत ते एका प्रशिक्षकाच्या आणि एका मुलीच्या बोलण्यात मिटले.

यात कुणाला नुसती जिद्दीची गोष्ट दिसेल. तसे सांगणे सोपे असते आणि सत्काराच्या भाषणात ते बरेही वाटते. मला ती व्यवस्थेची गोष्ट वाटते. देशाच्या कर्णधाराला खेळ सोडावासा वाटतो तो ती कुठे कमी पडली म्हणून नव्हे. कबड्डीला २०१४ पासून व्यावसायिक लीगचा पैसा आला, खो-खोला ‘अल्टिमेट खो-खो’ यायला २०२२ उजाडले, आणि तीही पुरुषांची. मुलींना आधार उरला तो सरकारी नोकरीतल्या पाच टक्के क्रीडा आरक्षणाचा. सारिकाला राज्य शासनाचा शिवछत्रपती पुरस्कार मिळाला आणि पुढे ती तुळजापूरची तालुका क्रीडा अधिकारी झाली. जी मुलगी एका जेवणावर खेळली, तिच्याकडे आता तालुक्यातल्या शाळांच्या मैदानांची जबाबदारी आली.

२०२० हे वर्ष आपल्या गावाला विचित्र लाभले. जानेवारीत ९३ वे अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलन उस्मानाबादला भरले, अध्यक्ष फादर फ्रान्सिस दिब्रिटो. मांडव, ग्रंथदिंडी, बाहेरगावच्या पाहुण्यांची वर्दळ, आणि गुलाबजाम पुरवता पुरवता हलवायांची उडालेली तारांबळ. दोन महिन्यांत टाळेबंदी. आणि ऑगस्टमध्ये अर्जुन पुरस्कारांची यादी आली, तीत सारिका काळेचे नाव. १९९८ साली कर्नाटकच्या शोभा नारायण यांना मिळाल्यानंतर बावीस वर्षांनी खो-खोला हा पुरस्कार मिळत होता. त्या वर्षीच्या सत्तावीस जणांत क्रिकेटचा ईशांत शर्मा होता, फुटबॉलचा संदेश झिंगन होता, शेजारच्या बीड जिल्ह्यातला कुस्तीगीर राहुल आवारे होता. आमच्या त्या फुटबॉलप्रेमी सदस्यांना मी एवढेच सांगू शकतो, की एका यादीत का होईना, फुटबॉल आणि धाराशिवचा खो-खो शेजारी शेजारी बसले आहेत. करोनामुळे २९ ऑगस्टचा सोहळा पहिल्यांदाच दूरस्थ झाला. राष्ट्रपती भवनातल्या दरबार सभागृहाचे दर्शन पडद्यावरच घ्यावे लागले. आमच्या तोंडपाठ यादीत एक ओळ वाढली.

नंतरच्या घडामोडी भराभर झाल्या आणि त्या सगळ्यांच्या आठवणीत ताज्या आहेत. नोव्हेंबर २०२२ मध्ये ५५ वी वरिष्ठ गटाची राष्ट्रीय स्पर्धा आपल्या गावात झाली. देशभरचे संघ उस्मानाबादला उतरले. २०२३ मध्ये जिल्ह्याचे नाव धाराशिव झाले आणि संघाच्या बनियनवरची अक्षरे बदलली. १३ ते १९ जानेवारी २०२५ या आठवड्यात दिल्लीच्या इंदिरा गांधी स्टेडियममध्ये पहिला खो-खो विश्वचषक झाला. प्रियांका इंगळेच्या नेतृत्वाखाली भारतीय महिलांनी अंतिम सामन्यात नेपाळला ७८-४० असे हरवले. त्या संघात धाराशिवची अश्विनी शिंदे होती.

विश्वचषक मॅटवर खेळला गेला. मैदानात नऊ ऐवजी सात, शिवाय ‘वजीर’ नावाचा कुठल्याही दिशेला धावू शकणारा गडी. आमच्या पिढीच्या पंचांना वजीर पचायला वेळ लागला. मला तर अजूनही तो मधली पाटी ओलांडून गेला की हात आपोआप शिट्टीकडे जातो. पण मॅटला धूळ नाही आणि पाणी लागत नाही, हे दुष्काळी जिल्ह्याने विसरू नये. मातीवर शिकलेल्या मुलीला मॅटवर पहिले आठ दिवस पायच सापडत नाही. पकड वेगळी, सूर मारला तर घसरण वेगळी, खांबाजवळ वळण्याचा अंदाज वेगळा. गावातली मुलगी राज्य निवड चाचणीला जाऊन पहिल्यांदा मॅट बघते, हे चित्र बदलायचे असेल तर प्रत्येक तालुक्याला निदान एक मॅट हवी. निवेदनांत हे अनेकदा लिहून झाले आहे, स्मरणिकेतही लिहून ठेवतो.

पुन्हा २०१५-१६ कडे येतो, कारण एक गोष्ट राहिली. पुरस्काराच्या कागदावर एक नाव असते. ते नाव त्या जागी असायलाच हवे, त्याबद्दल वाद नाही. पण सारिका ज्या मैदानावर वाढली, तिथे रोज आठ जणी तिच्या पुढे-मागे बसत होत्या. कुणाच्या पाठीवर तिने खो दिला, कुणी तिला दिला, कुणी तिला पळवून पळवून दमवले म्हणून तिचा दम वाढला. त्यातल्या काही जणी आज अंगणवाडीत आहेत, काही पोलिसांत, काहींची लग्ने होऊन त्या पुण्या-मुंबईला गेल्या, काही इथेच शेतात आहेत. त्यांच्या मुली आता किशोरी गटात येण्याच्या वयाच्या होत आहेत. सरावाला आलेल्या एखाद्या नव्या मुलीचे उठणे बघून मी विचारतो, ‘आईचे माहेरचे नाव काय गं?’ आणि माझा अंदाज बहुधा बरोबर निघतो.

वाचकांना एक विनंती. ज्यांच्या घरी जून २०१५ ते मे २०१६ या काळातली गुणपत्रके, प्रमाणपत्रे, प्रवासाची पत्रे, संघाचे फोटो असतील, मग ते तालुक्याचे असोत की महाविद्यालयाचे, त्यांनी त्यांच्या प्रती जिल्हा संघटनेकडे द्याव्यात. फोटोच्या मागे पेन्सिलीने सगळ्या बारा जणींची नावे डावीकडून उजवीकडे लिहावीत, राखीव तिघींची सुद्धा, आणि लग्नानंतर नाव बदलले असेल तर दोन्ही नावे लिहावीत.